पडद्यावरच्या भावाचं नाव

देवळी,
३ जानेवारी २०२५

चि. सुमित्रास, भैयाजीचे अनेक आशीर्वाद.

तू फोन उचलत नाई, म्हणून लिहून राह्यलो. आपल्या वाचनालयात शंभर वर्षांपूर्वीचा मुका सिनेमा दाखवणार आहेत. अध्यक्ष मीच. त्यातल्या पाट्या इंग्रजी, म्हाताऱ्यायले काय समजणार? पडद्याजवळ उभं राहून गोष्ट सांगायले कोणी पाहिजे. तू मास्तरीण, जन्मभर तेच केलं.

अन् एक. माझी पोरगी दीपमाला नाचणगावच्या ऋतिकसाठी हटून बसली. पोरगा परजातीचा. तिचं बाहेर जाणं मी बंद केलं आहे. सिनेमाले आणतो. तुझ्या लग्नाच्या वेळी तू माझं ऐकलं अन् सुखी झाली, हे तिले नीट समजावजो.

भावावर माया राहू दे.
तुझा भैयाजी

पिपरी मेघे,
१३ जानेवारी

ती. दादास, सुमित्राचा शि. सा. नमस्कार.

दीपमालाले समजावलं. तू मधातच उठून गेला, म्हणून सारं कळवते.

सिनेमातला भाऊ पडद्यावर नुसता काही लिहून राह्यलता. काय लिहिते, ते मी सांगितलं. मी खुशीनं दुसरीकडे लग्न करून राह्यली, मले विसर. खाली सही बहिणीची. तेहतीस वर्षांपूर्वी माझ्या नावानं तू गोपालले धाडलेलं पत्र, शब्द न् शब्द. गोपाल मागच्या साली वारला. त्याच्या पोरीनं ते मले आणून दिलं. मरेपर्यंत तो माणूस मलेच बेईमान समजत होता, दादा!

समोर बसलेल्या चिंधूमामांनी त्या भावाचं नाव विचारलं. मी म्हटलं, भैयाजी. सारे मान वळवून तुझ्याकडे पाहून राह्यलते. काय सांगू, असा जीव थंड झाला माझा!

दीपमाला सिनेमाहून माझ्यासंगच आली, माझ्याकडे आहे. चोवीस वर्षांची आहे, कोणाच्या परवानगीची गरज नाई. लग्नाचा अर्ज भरला. साक्षीदार मी.

वहिनीले नमस्कार. तुले मात्र रिवाजापुरता.
सुमित्रा

देवळी,
२० जानेवारी

सुमित्रास आशीर्वाद.

गावात तोंड दाखवायची सोय ठेवली नाई तू. पोरीले परत धाड. मी केलं ते घराण्यासाठी केलं. चुकलंही असंल.

शेवटपर्यंत बसलेला श्रावण सांगत होता, शेवटी तो भाऊ हात जोडून काही बोलते, पण तू ते सांगितलं नाई. काय म्हणत होता तो?

भैयाजी

पिपरी मेघे,
२४ जानेवारी

ती. दादास नमस्कार.

पोरगी येणार नाई. लग्न सतरा फेब्रुवारीले आहे.

तो भाऊ बहिणीची माफी मागत होता. पाटी मी वाचली. चिंधूमामांनी दोनदा विचारलं, काय म्हणते म्हणून. दोन्ही वेळा मी सांगितलं, काहीच नाई म्हणत.

तुझीच बहीण,
सुमित्रा