दलदलीतल्या राक्षसाचं घड्याळ

ती. ताइस्तोमामा यांस,

रौनीचा साष्टांग नमस्कार (बसूनच घालते आहे, कंबर धरली आहे). तुमचा गुडघा काय म्हणतो? हेल्कामामीचे बटाटे यंदा कसे आले? मी ठणठणीत आहे, फक्त कुठं तोंड दाखवायची सोय राहिलेली नाही.

'दलदलीचा धनी'चं नाव काढलं की तुम्ही उठून लाकडं फोडायला जाता, हे ठाऊक आहे; पण आज बसा. पन्नास वर्षांपूर्वी तुम्ही शेवाळ चिकटवलेला रबरी पोशाख घालून त्यात राक्षस झालात, ऐन मुडदा पाडायच्या वेळी मनगटावरचं घड्याळ पाहिलंत, आणि सगळं गाव तुम्हाला हसलं. पण तो सिनेमा इतका भिकार आहे की लोकांना त्याचं वेडच लागलंय हो! दर उन्हाळ्यात तीनशे माणसं (त्यांत दोन न्यायाधीश) डोक्याला शेवाळ बांधून तो बघायला जमतात, आणि तो क्षण आला की मनगटं वर करून "तीन वीस!" म्हणून ओरडतात. गेली पाच वर्षं मी या भक्तांवरच माहितीपट करते आहे.

त्यासाठी जुन्या प्रतीवरून नवी, स्वच्छ प्रत करायला हेलसिंकीला दिली. 'जे जे तिथं असायला नको, ते ते पुसा,' असं मीच माझ्या हातानं लिहून दिलं. पुसणारी बाई कामाला चोख निघाली. तिनं ओरखडे पुसले, डाग पुसले, आणि (काय सांगू मामा!) घड्याळही पुसलं.

परवा खेळ लावला. तीनशे मनगटं वर गेली, आणि पडद्यावर राक्षस आपला रिकामं मनगट निरखतोय. कुणी चार शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. पण आपली माणसं ती! उठली, आपापले थर्मास उचलले, खुर्च्या मिटून भिंतीला लावल्या (माझ्या बुडाखालचीसुद्धा) आणि चालू लागली. भक्तमंडळाचे अध्यक्ष रेइयो, म्हणजे ते निवृत्त दंतवैद्य, ज्यांनी मनगटावर तेच घड्याळ गोंदवून घेतलंय, तेवढे दारात थांबून म्हणाले, "पोरी, वाटोळं केलंस बघ आमचं."

दुसऱ्या दिवशी सगळ्यांचा एकच निरोप: आमची तोंडं तुझ्या माहितीपटात नकोत. ती काढली तर माझ्याकडे उरतं काय? अकरा तास शेवाळ. जुनी प्रत शाबूत आहे, घड्याळ परत येईल. रुसवा कसा जायचा? मला रडू येतंय, मामा.

असो. मामीला नमस्कार.

तुमची (अजून असेन तर) लाडकी भाची,
रौनी

ता.क. राक्षसानं स्वतः येऊन घड्याळ पाहिलं तर माफ करू, असं रेइयो म्हणतात. शनिवारी याल ना? पोशाख मामीनं तळघरात बटाट्यांवर पांघरलाय, मला माहीत आहे.

ता.क. २. तुम्ही येताय असं मी सांगून टाकलंय. सकाळी नऊला बस तुमच्या दारात येईल. आणि ते तुम्हाला हसत नाहीत हो, जीव टाकतात तुमच्यावर.

ता.क. ३. घड्याळ का पाहिलंत, हे तुम्ही आजवर कुणाला सांगितलं नाहीत. म्हणून काल मामीलाच फोन केला. आधी तिनं विषय टाळून पाहिला. मग म्हणाली, "मी स्वीडनच्या कारखान्यात कामाला निघाले होते. बस साडेतीनची होती. आला तो तसाच, शेवाळासकट, धावत. मग कशी जाणार गं?"

हे मी ध्वनिमुद्रित केलंय. आता नाही म्हणून दाखवा.