म्हसवडची बारीक थरथर

प्रिय आप्पा,

येत्या रविवारी आपलं थरथरीचे नकाशे काढणारं मंडळ जमणार आहे. सुभेदारकाका पितळी पत्रा घेऊन कुपवाडच्या तुमच्या शेडमध्ये येतील आणि त्यावर आठवण म्हणून तुमची म्हसवडची रेघ कोरायची ठरली आहे. त्याआधी तुमच्याशी बोलल्याशिवाय मला राहवेना. बोलायला तुम्ही नाही, म्हणून लिहिते.

मी पहिल्यांदा शेडमध्ये डोकावले तो दिवस आठवतो? शेजारच्या कारखान्यात मी सुटे भाग मोजून तपासायची. चहाच्या सुट्टीत पाहते तर काय, जन्मभर लेथ चालवलेला माणूस फळीवर ताणलेल्या तारेला बोट लावून डोळे मिटून बसलेला! दुसऱ्या हातातली पेन्सिल कागदावर हळूहळू सरकत होती. "काय करताय काका?" तर म्हणालात, "बस. जागा थरथरतीया, आन् वेळबी. तेचा नकाशा काढतूया." मला वाटलं, म्हातारा कामातून गेला.

आणि मीच अडकले! फळी टेकवली त्या एकाच दगडाची सकाळची रेघ वेगळी, दुपारची वेगळी. सातारा ते सांगली, सगळ्या रेघा एका मोठ्या कापडावर उतरवायच्या, आडवी जागा आणि उभी वेळ. लोक आपल्याला 'थरथरवाले' म्हणून हसायचे. तुम्ही हसणाऱ्यालाच चहा पाजून तारेला बोट लावायला बसवायचात. मंडळातले निम्मे लोक असेच आलेले.

केवढी चिकाटी हो तुमची! फळी मोटारसायकलला बांधून माण तालुक्याच्या उन्हात निघायचात. एका रेघेची शंका आली की परत त्याच दगडापाशी, परत पहिल्यापासून. माझी रेघ चुकली तर कधी ओरडला नाहीत. "तू मोजणारी पोर हायेस, तुला जमंल," एवढंच. असा विश्वास माझ्यावर घरच्यांनीसुद्धा टाकला नव्हता, आप्पा.

मंडळाचा नियमही तुमचाच. तारेला बोट लावण्याआधी आपली स्वतःची थरथर मोठ्याने सांगायची, म्हणजे ती जागेच्या नावावर चढत नाही. सुभेदारकाका म्हणायचे, "आवं, आज बीपी वाढलंया." मी एकदा सांगितलं, लग्नासाठी पाहुणे मला बघायला येणार आहेत, पोटात गोळा आलाय. सगळे हसले. तुम्ही हसला नाहीत. माझ्या कागदावर तशी नोंद केलीत. तुमची पाळी आली की मात्र ठरलेलं उत्तर असायचं, "माझं काय न्हाई."

तीन वर्षांपूर्वी म्हसवडच्या माळावर तुमच्या रेघेत ती बारीक थरथर पहिल्यांदा आली. आम्हा कुणालाच ती बोटाला लागेना. सुभेदारकाका म्हणाले, "आपली बोटं जाड गड्या. आप्पांच्या बोटाला कान हायती." मी कितीदा त्या दगडाशी बसले! तार गप्प. शेवटी एका सकाळी तुम्ही इतक्या आशेने माझ्याकडे बघत होतात की मला धीर धरवेना. तुमची रेघ मला पाठ होती. मी तशीच काढली आणि म्हणाले, "लागली!"

तुमचे डोळे भरून आले. मला वाटलं, शिष्या तयार झाली म्हणून.

परवा तुमच्या घरी काकूंकडे गेले होते. डब्यात तुमच्या हातची किराण्याची यादी मिळाली. तूरडाळ, शेंगदाणे, साबण. प्रत्येक अक्षराच्या कडेला तीच बारीक थरथर! बटरपेपरवर उतरवलेली म्हसवडची रेघ मी त्यावर ठेवून पाहिली. तसूभरही फरक नाही. मी काकूंकडे पाहिलं.

त्या म्हणाल्या, "व्हय गं, हात थरथरायचा त्यांचा. कपबशी वाजायची. डॉक्टरकडं जायचं ठरलंबी व्हतं. पर तू रेघ काढलीस त्या दिशी हसत घरी आले. म्हणले, शमालाबी लागली. म्हंजी माझा हात न्हाई, जागाच हालतीया. मग कशाला जात्यात डॉक्टरकडं!"

आप्पा, मी काय करून बसले हो?

तुम्ही गेलात ते हृदयविकाराने, हाताचा त्याच्याशी संबंध नाही, असं डॉक्टर म्हणाले. मानते. पण त्यानंतरची वर्षं औषधाविना गेली, ती माझ्या एका शब्दामुळे. काकू म्हणतात, "लय खुशीत गेली बग ती वरसं." त्यांनी माझ्यासाठी चहा टाकला.

आणि तुम्हालाही विचारते. आमच्याकडून बीपीपासून पाहुण्यांपर्यंत सगळं वदवून घेतलंत, मग आपला हात का लपवलात? आम्ही का परके होतो? तुमचा हात धरून बसलो असतो आम्ही! रागावते आहे, पण तुमच्याइतका सच्चा माणूस मी दुसरा पाहिलेला नाही. सच्चा माणूसही आपल्या दुखण्याला भितो, एवढंच त्यातून मला कळलं.

पत्रा कोरला जाणार नाही. रविवारी सगळ्यांसमोर मी माझं खोटं आधी सांगेन. सुभेदारकाका चिडतील, कदाचित मला मंडळातून काढतीलही. काढू देत. पण कापडावरची तुमची रेघ मी कुणाला खोडू देणार नाही. तिच्याशेजारी स्वच्छ अक्षरात लिहीन, "ही थरथर आप्पांच्या हाताची."

मग फळी घेऊन म्हसवडला जाईन. तुम्ही बसायचात तिथेच बसेन, तारेला बोट लावेन. आणि आप्पा, काहीच लागलं नाही, तर कोरा कागद घेऊन परत येईन.

तुमची,
शमा