‘वाट पाहणाऱ्या’ नावाचं प्रकरण

सोमवार, ३ नोव्हेंबर

आज परत तेच! मी चहा गाळतेय, तर हे ओट्यावर फोन ठेवून विचारतात, "मी पहिल्यांदा मुंबईला गेलो, तेव्हा तुला नेमकं काय वाटलं?" रेकॉर्डिंग चालू! म्हटलं, "दूध नासलंय असं वाटतंय." खरंच नासलं होतं.

तीसेक वर्षं हे मुंबईच्या कॉलेजात इतिहास शिकवत होते, मी इथे रत्नागिरीत शाळेत. गणपतीला, शिमग्याला, मे महिन्यात यायचे. जूनमध्ये निवृत्त होऊन कायमचे आले — तेव्हापासून मला माझ्याच घरात एका जागी बसवत नाही.

गुरुवार, ६ नोव्हेंबर

ह्यांच्या पुस्तकांचं नाव आहे. इंग्रजांच्या वेळची मुंबई — चाळी, गिरण्या, गोदी, नळावरची भांडणं. नवं पुस्तक आमच्या जिल्ह्यातून तिथे गेलेल्या माणसांवर. शेवटचं प्रकरण मागे राहिलेल्या बायकांचं. नाव दिलंय, ‘वाट पाहणाऱ्या’.

वाचल्यापासून डोक्यात भुंगा.

रविवार, ९ नोव्हेंबर

पालीला सखूकडे जाऊन आलो. आमच्या शाळेत शिपाई होती ती. नवरा गिरणीत, मुंबईला. ह्यांनी विचारलं, "तुम्ही त्यांची वाट बघत असाल ना?"

"बघायची तर!"

"फार वाईट वाटायचं?"

"वाटायचा."

हे खूश. निघताना सखूने मला मागच्या दारी ओढलं. "बाई, त्यांना तसाच ऐकायचा व्हता. म्हटला, सांगूया. एवढे लांब आले!"

वाटेत हे म्हणाले, "किती सोसलंय बिचारीने." मी खिडकीबाहेर बघत राहिले. सांगितलं नाही. का नाही सांगितलं?

बुधवार, १२ नोव्हेंबर

कपाट आवरायला काढलं. तसंच सोडलं.

शनिवार, १५ नोव्हेंबर

संध्याकाळी वाचनालयात ह्यांचं व्याख्यान. पुढच्या रांगेत माझ्या जुन्या विद्यार्थिनी. हे बोलतात छानच. गोदीतले हमाल, एकेका खोलीत दाटीने राहणारी माणसं — डोळ्यांसमोर उभं केलं. मग म्हणाले, "शहराने पुरुष नेले आणि मागे उरली ती फक्त प्रतीक्षा. मी ती माझ्याच घरात पाहिली आहे."

सगळ्यांनी वळून माझ्याकडे बघितलं. कणवेने!

कधी उठले कळलंच नाही. म्हटलं, "मी वाट बघत नव्हते. मी इथे राहत होते."

हे पाणी प्यायले. दोन वाक्यांत व्याख्यान आटोपलं.

रविवार, १६ नोव्हेंबर

मुंबईहून सावनीचा फोन. "आई, सगळ्यांसमोर कशाला? बाबांचा आवाज किती पडलाय!" माझी मुलगी, मी एकटीने वाढवलेली — आणि बाबांच्या बाजूने! फोन ठेवून दिला. मग वाटलं, बरोबर आहे तिचं. मग वाटलं, मुळीच नाही!

मंगळवार, १८ नोव्हेंबर

जेवताना ह्यांनी विचारलं, "मग काय करायचीस तू?" आज फोन जवळ नव्हता.

सांगितलं. शाळा. बागेतली कलमं, आंब्याचे सौदे. भाट्याच्या किनाऱ्यावर मैत्रिणी. पाण्यासाठी नगरपालिकेवर नेलेला बायकांचा मोर्चा — "तुम्ही तिकडे शंभर वर्षांपूर्वीच्या नळांवर लिहीत होतात तेव्हा!" आणि मग तोंडातून गेलंच. "सुट्टी संपवून तुम्ही निघालात ना, की त्या रात्री मी पलंगावर आडवी झोपायचे. हात पसरून. इतकं बरं वाटायचं!"

वाटलं, हसतील. नाही हसले. ताटात बोटाने रेघा काढत राहिले.

"मी बघायचो," म्हणाले. "तिकडे. सुट्टीची वाट."

मी त्यांना आमटी वाढली. त्यांनी नको म्हटलं होतं तरी.

गुरुवार, २० नोव्हेंबर

प्रकरण पुस्तकातून काढून टाकलं म्हणे. आणि पुस्तकं खोक्यांत भरताहेत. "सावनीकडे राहीन. तुझं घर तुला परत." रागाने म्हणाले असते तर भांडले असते. मी "बघा" म्हटलं. एवढंच! हेच हवं होतं ना मला? मग घास का उतरत नाही?

शनिवार, २२ नोव्हेंबर

हे स्टेशनवर तिकीट काढायला गेले. तेवढ्यात मी खोकी उघडली. पुस्तकं परत फळीवर लावली, उंचीप्रमाणे. ह्यांना विषयाप्रमाणे लागतात. लावू देत सावकाश.