चित्ता कोणी घ्यायचा

५ मार्च, गुरुवार

बाळूने आपल्या कॉम्प्युटर-गेमच्या दुकानाच्या काचेवर स्पर्धेचा कागद चिकटवलाय. लोणावळ्यात, महिनाअखेरच्या रविवारी, पाच-पाच जणांच्या टीम. अट वाचून मला तिथेच हसू फुटलं. सगळ्यांनी नवीन खातं काढायचं आणि नव्या खात्यावर गेम जी पहिली पाच पात्रं देतो तेवढीच घेऊन खेळायचं. म्हणजे शहरातली पोरं वर्षभर घासून मिळवलेली भारी पात्रं घेऊन येणार आणि आम्हाला चिरडणार, तो प्रश्नच मिटला. सगळे सारखे. आता या म्हणावं.

टीम ठरलेलीच आहे. मी, माझा चुलतभाऊ सागर, तिकोणा पेठेला कॅम्पवाल्यांची जीप चालवणारा ओंकार, बाळू (कॉम्प्युटर त्याचे, त्याला नाही म्हणणार कोण) आणि प्रज्ञा. प्रज्ञा मूळची आमच्या औंढ्याचीच, वडील रेल्वेत, आता घर कुसगावला. कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला आहे. कॅप्टन मी. वयाने मोठी आणि आवाजानेही मोठी, असं सागरचं म्हणणं.

९ मार्च, सोमवार

रिसॉर्टवरच्या कामावरून तीनला सुटले ती थेट दुकानात. पात्रांची खरी नावं घेताना बाळूची जीभ अडकते, म्हणून आम्ही आमची नावं ठेवली. सगळ्यांच्या आधी पळत घुसणारा तो चित्ता. आग फेकणारा भडका. समोरच्याला दिसू नये म्हणून धूर सोडतो त्याला नुसतंच धूर. कोण कुठे लपलंय ते शोधणारा टेहळ्या. आणि मागून येऊन जखमींना बरं करणारा, वेळ पडली तर भिंत उभी करणारा, तो वैद्य. एका टीममध्ये एक पात्र एकालाच मिळतं, म्हणजे पाचही पात्रं कुणी ना कुणी घ्यायलाच हवीत.

चहा संपायच्या आत वाटणी झाली. सागर चित्ता, ओंकार भडका, मी धूर, बाळू टेहळ्या. उरलेला वैद्य प्रज्ञाला. भांडण नाही, तंटा नाही. इतकी समजूतदार टीम अख्ख्या मावळात सापडायची नाही, असं मी बाळूला म्हणाले पण.

१२ मार्च, गुरुवार

समजूतदार टीम सपाटून हरली. परवा हरली, आज परत हरली.

प्रत्येक डावात तेच. मी म्हणते थांब, धूर पडू दे. तोवर सागर आत, आणि सागर खलास. त्याच्यामागे ओंकार, तोही खलास. प्रज्ञा बिचारी औषध घेऊन पोचते तेव्हा बरं करायला जिवंत माणूस शिल्लक नसतं. मग एकटी उरते, हातात साधं पिस्तूल, समोर तिघं. आज तिने तिघांनाही गारद केलं. बाळू खुर्चीवरून उठून उभाच राहिला. सागर म्हणाला, नशीब. पुढच्या डावात तिने परत दोन पाडले तेव्हा त्याला एकदम फोन आला. फोन वाजलेला मला तरी ऐकू आला नाही.

पोरगी काय खेळते! नेम म्हणजे नेम. मला उगाचच अभिमान वाटतो, जसं काही मीच शिकवलंय.

१७ मार्च, मंगळवार

आज देवळात जत्रेची बैठक. आप्पा, म्हणजे सागरचे वडील आणि माझे चुलते, मधे बसून मान सांगत होते. दरवर्षीचंच, पाठ आहे सगळ्यांना. पहिली काठी आमच्या घरची, यंदा सागर घेऊन पुढे चालणार. मशाल ओंकारच्या घरची. पुढे जाऊन वाट मोकळी करायची ती बाळूच्या घरच्यांनी. आमच्या घरच्या लेकींनी धूप घेऊन मागे चालायचं.

काठी, मशाल, वाट, धूप.

चित्ता, भडका, टेहळ्या, धूर.

मी मोठ्याने हसले. भर बैठकीत. आप्पांनी चष्म्यावरून बघितलं, "काय गं पल्ले, हसाया काय झालं?" काय सांगणार. म्हटलं, काही नाही, ठसका लागला. सागरकडे बघितलं तर तो काठीला यंदा कोणता फेटा बांधायचा यात गुंग.

घरी येताना हसू गेलं आणि राग आला. आम्ही नवीन गेम उघडला आणि पहिल्याच दिवशी, चहा पिता पिता, त्यात गावची जत्रा लावून टाकली. कुणी मुद्दाम नाही केलं, हेच जास्त वाईट. कोण काय चांगलं खेळतो हे बघितलंच नाही. आणि जत्रेत जिच्या घराला काही नाही तिला जे उरलं ते दिलं. तसं माझ्या घराला मान आहे तो घराला आहे, मला धूपच. तरी मला हे आधी दिसलं नाही.

१९ मार्च, गुरुवार. पाडवा

सकाळची ड्यूटी केली, गुढीला नमस्कार करायला संध्याकाळी पोचले. मधे प्रज्ञा रिसॉर्टच्या गेटवर आली. चेहऱ्यावरूनच कळलं, काहीतरी आहे. लोणावळ्याच्या एका टीमने तिला विचारलंय, आमच्यात ये, चित्ता तू घे. मंगळवारपर्यंत नावं द्यायची आहेत.

मी बैठकीतलं सगळं सांगून टाकलं. वाटलं, तीही हसेल. ती हसली नाही. तिला ते पहिल्या दिवशीच दिसलं होतं.

म्हणाली, "जत्रेतला मान आम्ही मागत नाही, ताई. आजोबा बौद्ध झाले तेव्हा त्यांनी गावची कामं स्वतःहून सोडली. आम्हाला त्याचं वाईट नाही वाटत, उलट बरंच वाटतं. पण हा गेम तर नवीन आहे ना? यात कुणी काय घ्यायचं ते आधीपासून कसं ठरलेलं?"

मी म्हणाले, चित्ता तुझा, जा, मी सागरला सांगते. त्यावर तिचा आवाज चढला. "मला देऊ नका. मला वैद्य आवडतही असेल. तुम्ही विचारलंत का?"

जायचं की राहायचं ते सोमवारपर्यंत कळवते म्हणाली. गेली.

२१ मार्च, शनिवार

जोडून सुट्ट्या, रिसॉर्ट फुल. एक्स्प्रेसवेवर गाड्यांची रांग, आणि प्रत्येक गाडीतला माणूस माझ्यावरच चिडलेला. चावी देताना, पाण्याच्या बाटल्या मोजताना, डोक्यात एकच. ती गेली तर टीम गेली. आणि गेली तर तिची काही चूक नाही.

दुसऱ्या टीमकडून खेळून ती जिंकली तर मी टाळ्या वाजवीन. पण माझ्या जिवाला फार लागेल, हेही लिहून ठेवते.

२३ मार्च, सोमवार

सगळ्यांना बसवलं. म्हटलं, वाटणी मोडली, नव्याने करायची. एकेकाला विचारणार, सुरुवात प्रज्ञापासून. ओंकार म्हणाला, आधी वयाने... मी त्याच्याकडे नुसतं बघितलं.

"प्रज्ञा, तू काय घेणार?"

तिने घाई केली नाही. स्क्रीनवरची पाचही पात्रं एकेक करून परत बघितली, जशी पहिल्यांदाच बघतेय. मग म्हणाली, चित्ता. बाळूने टेहळ्याच ठेवला, त्याला लपलेली माणसं शोधायला मनापासून आवडतं. ओंकारने भडका. मी धूर. मला धूर खरंच येतो, मान गेला खड्ड्यात. सागरकडे वळले तेव्हा उरला होता वैद्य.

तो उभा राहिला. "आपल्या घरातलं कुनी मागं ऱ्हायलंय का कदी? मी मलमपट्टी करत बसू व्हय?"

मी म्हणाले, दोन आठवडे प्रज्ञा मागे राहिली तेव्हा तुला काही वाटलं नाही. त्यावर त्याने हेल्मेट घेतलं आणि निघून गेला. बाळू म्हणतो, तू जरा गोडीत सांगायला हवं होतंस. असेल. मला गोडीत येत नाही.

प्रज्ञा राहणार आहे. जाताना एवढंच म्हणाली, "माझं नाव लिहा, ताई."

२४ मार्च, मंगळवार

सागर फोन उचलेना. घरी गेले तर आप्पा ओट्यावर. पोरगा जेवला नाही म्हणून माझ्यावर डाफरले, मग सगळं विचारून घेतलं. त्या खेळात पहिला कोण जातो? म्हटलं, इतके दिवस सागर जात होता. आप्पांची मान ताठ झाली.

"आन मग?"

"मग मरतो."

"कदी?"

"रोज. सगळ्यांच्या आधी."

आप्पांनी मिशीवरून हात फिरवला. म्हणाले, मेला तरी पहिला तर गेला. मी पाणी प्यायले आणि उठले.

नावं द्यायची वेळ झाली होती. सागरला मेसेज टाकला, तुझं नाव लिहू का, खरं सांग, नाही म्हणालास तर दुसरा बघीन. उत्तर आलं, "लिही." पुढे काही नाही. पाच नावं दिली.

२६ मार्च, गुरुवार

आला. कुणाशी न बोलता शेवटच्या कॉम्प्युटरवर बसला आणि वैद्य घेतला. मीही काही बोलले नाही, नाहीतर बिघडवलं असतं.

काय खेळला म्हणून सांगू! पहिल्याच डावात भिंत अशी उभी केली की आम्ही चौघं कोंडवाड्यात आणि शत्रू बाहेर निवांत. ओंकारने आत अडकून आग फेकली ती आमच्याच अंगावर. पुढच्या डावात सागरने औषध वापरलं, स्वतःवर, जखम नसताना. बाळू हसून हसून खोकायला लागला. सागरचे कान लाल. मला वाटलं, उठतोय आता.

तेव्हा प्रज्ञा आपली खुर्ची ओढून त्याच्या शेजारी बसली. भिंत कुठे टाकायची, आधी कुणाकडे बघायचं, सगळं दाखवलं. दोन आठवडे तिने वैद्य खेळलाय, आमच्यात तिच्याइतका तो कुणालाच येत नाही. सागरने सगळं ऐकून घेतलं. मधेच म्हणाला, "लय काम हाय की गं हे. मला वाटलं, मागं नुसतं हिंडायचं असतंय."

शेवटचे तीन डाव जिंकलो. प्रज्ञा चित्ता म्हणून घुसते ती सागरसारखी नाही. कोपऱ्याशी थांबते, माझा धूर पडला की अशी जाते, कळतही नाही. लिहिताना अजून हात शिवशिवतोय.

२९ मार्च, रविवार. लोणावळा

हॉलच्या मागच्या पायरीवर बसून लिहितेय, फायनलच्या मधल्या सुट्टीत. होय, फायनल. आम्ही.

रविवारची सुट्टी मागितली म्हणून मॅनेजरचं तोंड वाकडं. राहू दे. पहिल्या दोन्ही मॅच मारल्या. दुसरीत शेवटच्या डावात मी तर केव्हाच मेले होते. उरले सागर आणि प्रज्ञा, समोर तिघं. प्रज्ञा जखमी, उघड्यावर. सागरने तिला बरं केलं, तिच्यापुढे भिंत टाकली आणि स्वतः भिंतीच्या बाहेर राहिला. त्याला गोळ्या लागेपर्यंत तिला जो वेळ मिळाला तेवढ्यात तिने तिघांना उडवलं. हॉलमधे लोक उभे. मी इतकी ओरडले की पंचांनी बोट दाखवलं. सागर स्क्रीनवरच्या आपल्या मेलेल्या वैद्याकडे बघत होता आणि हसत होता. माझा भाऊ आहे तो. लिहून ठेवते, माझा भाऊ.

फायनलला पिंपरीची टीम. तयार पोरं, एकसारखे टीशर्ट. पहिली फेरी आमची. दुसरीत त्यांनी आमचा चित्ता ओळखला. प्रज्ञा कुठून येणार, कुठे थांबणार, सगळं हेरलं आणि तिला उठूच दिलं नाही. एक-एक. तिसरीवर सगळं.

बाहेर आलो तर ओंकारचं सुरू झालं, आता वाटणी बदला, चित्ता परत सागरला द्या, म्हणजे समोरचे गोंधळतील. खरं सांगायचं तर चूक नव्हता. मलाही तेच वाटलं होतं. मी कॅप्टन म्हणून तोंड उघडणार, तेवढ्यात सागर वडापाव घेऊन आला. पहिला प्रज्ञाला दिला, तिच्या समोर पायरीवर उकिडवा बसला.

"प्रज्ञा, तिसरीला तू काय घेतीस? चित्ता ऱ्हाऊ दे, वैद्य घे, न्हायतर माझ्या ताईचा धूर घे. तू सांग. मग आमी आमचं बगतो."

प्रज्ञाने घास संपवला, बोटाची चटणी पुसली.

"थांब," म्हणाली, "विचार करू दे."

ती विचार करतेय. आतून आमच्या टीमचं नाव पुकारतायत, दुसऱ्यांदा. कुणीच उठत नाही. पुकारू देत.