सोमीबायचा राब

मोखाडा, वैशाख वद्य पंचमी, शके १८७७

चौकशीचा निकाल आज वर्तमानपत्रात आला. गेल्या वर्षी आमच्या डोंगरावर प्रवासी विमान पडलं, त्याचं कारण म्हणे इंजिनाला हवेतच आग लागली. एवढंच. आणि इथे सोमीबाय वर्षभर समजून बसली आहे की तिच्या राबाच्या धुरानं वैमानिकाला डोंगर दिसला नाही! त्या दिवशी ती उतारावर पालापाचोळा पेटवून भाताच्या रोपांसाठी जमीन भाजत होती. यंदा सगळ्यांचे राब भाजून झाले. तिचा तुकडा तसाच.

शाळा सुटल्यावर तडक तिच्याकडे गेलो, बातमी वाचून दाखवली. वाटलं, सुटेल बिचारी.

"म्हंजे माजा धूर नव्हता, गुरुजी?"

"नाही, बाय. आग आधी वरच लागली होती."

ती त्या न भाजलेल्या तुकड्याकडे बघत राहिली.

"मंग त्यांनी वरून माजा धूर पाह्यला आसंल. खाली मानसं हायेत, वाचवतील, म्हनून तर इमान इकडं वळवलं नसंल?"

घरी येऊन वर्तमानपत्र पुन्हा उघडलं, बातमी शेवटपर्यंत वाचली. यावर त्यात काहीच नाही.

तिचा राब यंदा भाजायचा राहणार.