दुसऱ्या सूर्याखालचा नवरा

४ फेब्रुवारी

आज माझ्या तोंडावर जाळी चढवली! चंदेरी, श्वास सोडला तरी हलणारी. कपडेपटवाला म्हणाला, "घराबाहेर पडताना तोंडावर घ्यायची, आत आलं की मागे टाकायची. नवरेमंडळी असंच करतात तिकडे." तिकडे म्हणजे दुसऱ्या सूर्याखाली. मालिकेचं नावही तेच. तिथे बायका आकाशातली जहाजं हाकतात, लढाया करतात, कायदे करतात. पुरुष घर बघतात, लाजतात आणि वाट पाहतात.

इतकी वर्षं मी गळे दाबले, तिजोऱ्या फोडल्या, शेवटच्या अंकात मार खाल्ला. आता सेनापतीचा नवरा! पहिलंच वाक्य — "अहो, आलात? पाणी ठेवलंय."

दिग्दर्शिकेला सगळे बाईच म्हणतात. बाई म्हणाल्या, "पाण्यात विष कालवल्यासारखं बोलताय हो!" सगळा स्टुडिओ हसला. मीही हसलो. पण ते 'अहो' घशात अडकतं, हे खरं.

५ फेब्रुवारी

घरी सराव केला. ही चहा पीत होती. दारात जाऊन म्हणालो, "अहो, आलात?" हिला असा ठसका लागला की चहा नाकात गेला.

ही मला माझ्या वडिलांसमोर, आप्पांसमोर, 'अहो' म्हणते आणि खोलीचं दार लागलं की 'अरे'. लग्नापासून तसंच. कधी लक्षच गेलं नव्हतं. विचारलं, "तुला कसं जमतं गं?"

"सवय. जीभ एकीकडे, मी दुसरीकडे."

आणि डबा उचलून ड्यूटीवर गेली. बंदरावरच्या वायरलेस केंद्रात असते ही. दिवसभर कानाला यंत्र, समोर समुद्र.

१३ फेब्रुवारी

आज नुसतं बसून होतो. दोन मोठे दिवे म्हणजे दोन सूर्य. मागे कापडावर रंगवलेलं हिरवं आभाळ — घरोघरच्या काळ्या-पांढऱ्या टीव्हीवर ते करडंच दिसणार, पण रंगाऱ्याने जीव ओतलाय. जमिनीवरून धूर सोडतात, गुडघ्यापर्यंत पाय दिसेनासे होतात. मी खिडकीशी बसून वाट बघायची. कुणाची, ते पुढच्या भागात.

वाट बघता बघता डोळा लागला. जाग आली तेव्हा दिवे अर्धे मालवलेले, धूर तसाच, आणि क्षणभर कळेना मी कुठल्या घरात आहे. भीती नाही वाटली. उलट उठूच नये असं वाटलं.

सेनापती — म्हणजे ते काम करणारी नटी, तिला आता सगळे याच नावाने हाक मारतात — कोपऱ्यात बूट काढून पाय चोळत होती. म्हणाली, "ग्रह जिंकायला हरकत नाही, पण एक नंबर मोठे बूट द्या म्हणावं."

२० फेब्रुवारी

हिला जहाजावर घेताहेत! मालवाहू जहाज, वायरलेस ऑपरेटर म्हणून. वर्षाची फेरी. आमच्या लहानग्या लेकीला, चिमणीला, मांडीवर थोपटत असताना सांगितलं, माझ्याकडे न बघता.

"आणि ही?" मी विचारलं. चिमणीकडे बोट दाखवून.

 हिची बोटं पोरीच्या पाठीवर वायरलेसच्या खुणांसारखी टकटक करत राहिली — टक, टकटक, टक. झोपेतसुद्धा करते तशी.

"बघू," मी म्हणालो.

आमच्या घरात 'बघू' म्हणजे 'नाही'. आप्पांपासून चालत आलंय.

२१ फेब्रुवारी

दिवसभर घरात भांडी तेवढी वाजली.

३ मार्च

पहिला भाग दाखवला. शेजारीपाजारी सगळे आमच्याच टीव्हीसमोर. मी जाळी मागे टाकून, तबक घेऊन आलो, मान खाली. आप्पा उठले. जन्म कारखान्यात मुकादमकीत गेला त्यांचा, शंभर माणसं त्यांच्या आवाजाने हलायची. दारातून म्हणाले, "खुनी झालास तेव्हा मान ताठ होती आमची. आज नाक कापलंस."

शेजारच्या मावशी मात्र म्हणाल्या, "काय गोड दिसलात हो!" काय बोलणार!

ही शेवटपर्यंत बघत होती. हसली नाही.

५ मार्च

कोपऱ्यावरची टोळकी ओरडतात — "अहोऽऽ, आलात?" न्हावी म्हणाला, "दाढी करू की राहू दे?"

१९ मार्च

निरोपाचा प्रसंग. सेनापती बाहेरच्या ग्रहांवर निघते, नवरा दारात उभा. मी डोळ्यांत पाणी आणलं. चांगलं आणलं! बाईंनी थांबवलं. परत केलं. परत थांबवलं. मग जवळ येऊन हळूच म्हणाल्या, "तुम्ही स्वतःसाठी रडताय. तो तसा नाही. तिला जायचंय, हे त्याला दिसतंय. तुम्ही काही करू नका. नुसतं बघा तिच्याकडे."

धूर सोडला. सेनापती वळली, आणि त्या दोन सूर्यांच्या उजेडात मला हीच दिसली. गच्चीवर कपडे वाळत घालताना बंदरातून भोंगा येतो, तेव्हा हातातला कपडा तसाच धरून उभी राहते ती. किती वेळा बघितलंय मी! वाटायचं, दमली असेल.

बाईंनी 'कट' म्हणायला फार उशीर केला. धूर विरला, आभाळाचं कापड हललं, तरी कॅमेरा चालूच.

घरी आलो ते तोंडावरची चंदेरी भुकटीही न पुसता. ही स्वयंपाकघरात होती. म्हणालो, "जा."

"कुठे?"

"जहाजावर."

ही ओट्याला टेकली. "खरंच? की उद्या परत 'बघू'?"

"खरंच."

मग रडली. मी नाही रडलो. आज दिवसभराचं रडून झालं होतं.

२२ मार्च

आप्पा — "पोरीचं कोण करणार?"

मी — "मी."

आप्पा — "तुला तिचा लंगोट बांधता येतो का?"

मी — "शिकेन."

आप्पांनी पेपर तोंडासमोर धरला. उलटा.

९ एप्रिल

गेली. सकाळी धक्क्यावर धुकं इतकं की जहाजाचा वरचा भाग दिसत नव्हता. जिना नुसता आभाळात चढत गेल्यासारखा. खलाशी, हमाल, आप्पा, सगळे उभे. मी सगळ्यांदेखत म्हणालो, "अहो, निघालात?" हमाल वळून बघायला लागले. ही हसली, चिमणीचा पापा घेतला, घेतला, घेतच राहिली. मग म्हणाली, "अरे, येते." आप्पांसमोर! आप्पा पाण्याकडे बघत होते.

जिन्यावर मागे वळली नाही. बरं झालं.

२ मे

चिमणीला स्टुडिओत नेतो. जाळ्यांच्या टोपलीत झोपते. लंगोट जमतो आता. शेंडी बांधणं नाही.

१७ मे

चिमणीला ताप. दोन दिवस उतरेना. कुशीत घेऊन बसलोय, अंग नुसतं भट्टी. आज हिचा राग आला. खूप राग. ही तिकडे मोकळ्या वाऱ्यावर आणि मी इथे ओल्या घड्या बदलतोय! असा राग आला की भिंतीवर हात आपटला. पडद्यावरचा नवरा असं करत नाही. त्याला लिहून दिलेलं असतं.

आप्पा आत आले. घडी माझ्या हातातून घेतली आणि म्हणाले, "तू पड जरा."

१९ मे

ताप उतरला. दुपारभर तिघंही झोपलो, एकाच चटईवर. स्वप्नात जमिनीवरून धूर वाहत होता आणि कुणालाच घाई नव्हती.

६ जून

मालिका बंद. वरून निरोप आला — घरोघरी कुरकुर होते म्हणे. सुतारांनी दुपारीच सेट उतरवला. हिरवं आभाळ घडी करून काखेत मारलं! बाई पायरीवर बसल्या होत्या. म्हणाल्या, "आता काय करणार?"

एका नाटक कंपनीने बोलावलंय. दौरा. खुन्याचंच काम. नाही म्हणून कळवलं, हेही बाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "हे मी सांगितलेलं नाही हं."

"नाही," म्हटलं. "हे माझंच."

२४ जून

चिमणी आज पहिल्यांदा 'आई' म्हणाली. फोटोकडे बघून नाही. माझ्याकडे बघून, दोन्ही हात पसरून. ही हाक समुद्रापलीकडच्या बाईची आहे, माहीत आहे मला.

मी ओ दिली.