नाचोचा आवाज

लॉस एंजेलिस, सोमवार

प्रिय आई, तुझा आशीर्वाद मागून लिहितो.

माझ्या जेवणाची काळजी नको, नाचोची बायको ओफेलिया मक्याच्या पानात वाफवलेले गरम तमाले पाठवते. तुझा गुडघा कसा आहे?

नाचोला जाऊन महिना झाला. रविवारी सजवलेल्या मोटारी संथ फिरवणाऱ्या इथल्या आपल्या मेक्सिकन पोरांवर मी इतके माहितीपट केले, पण नाचो एकाही दृश्यात नाही. त्याच्याच गाडीच्या खिडकीतून बाहेर लोंबकळत मी चित्रण करायचो, आणि गाडी तो चालवायचा.

ओफेलियानं निदान त्याचा आवाज मागितला. प्रत्येक दृश्य संपलं की तो विचारायचा, "मिळालं का रे?" माहितीपटातून मी ते कापायचो. मूळ टेपांतले ते सगळे तुकडे जोडून काल तिला ऐकवले.

ती दरवेळी उत्तर देत राहिली, "मिळालं रे, मिळालं. चल आता घरी."

फोन केलास की लगेच ठेवू नकोस.

तुझाच,
कूको